खासगी पार्किंग कंपनीची नोटीस आली तर काय करावे: इंग्लंड आणि वेल्समधील मराठी वाहनधारकांसाठी

इंग्लंडमध्ये राहणाऱ्या अनेक मराठी घरांत हे पत्र कधी ना कधी येऊन पडते. वर ठळक अक्षरांतला मथळा, आपल्या गाडीच्या नंबरप्लेटची दोन छायाचित्रे, प्रत्येकाखाली तास-मिनिटे-सेकंदांसह वेळ, आणि त्याखाली 100 पौंडांची मागणी, जी 14 दिवसांत भरल्यास 60 पौंडांवर येते. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे आपण लहानपणापासून ऐकत आलेलो असतो. त्यामुळे बरेच जण त्याच संध्याकाळी पैसे भरून मोकळे होतात. काही जण मात्र ऑफिसातल्या कोणीतरी सांगितले म्हणून पत्र कचऱ्यात टाकतात आणि दोन वर्षांनी गृहकर्जाचा अर्ज नाकारला गेला की त्याचे कारण शोधत बसतात. या दोन्ही टोकांमध्ये एक सरळ वाट आहे: पत्र नीट वाचावे, त्यावरच्या तारखा तपासाव्यात आणि प्रत्येक टप्प्यावर मुदतीच्या आत लेखी उत्तर द्यावे. पुढील सर्व माहिती इंग्लंड आणि वेल्ससाठी आहे. स्कॉटलंडचा कायदा वेगळा असून त्याबद्दल शेवटाकडे लिहिले आहे.

हे पत्र कोणाचे आहे?

सर्वांत आधी पत्र पाठवणारा कोण, हे पाहावे. नगरपालिकेची, म्हणजे काउन्सिलची, नोटीस आणि खासगी कंपनीची नोटीस या दोहोंना 'पीसीएन' हेच संक्षिप्त नाव आहे आणि गोंधळाचे मूळ तिथेच आहे. काउन्सिलचे पत्र 'पेनल्टी चार्ज नोटीस' असते. ते 2004 च्या ट्रॅफिक मॅनेजमेंट अॅक्टखाली निघते, तो खरोखर दंड असतो आणि त्याविरुद्ध स्वतंत्र न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. खासगी कंपनीचे पत्र 'पार्किंग चार्ज नोटीस' असते. पहिल्या शब्दातला हा फरक पत्र हातात घेताच तपासावा, कारण या लेखातील एकही सल्ला काउन्सिलच्या किंवा पोलिसांच्या नोटिशीला लागू पडत नाही.

खासगी नोटीस हा कायद्याच्या भाषेत दंड नाही. सुपरमार्केटच्या किंवा रुग्णालयाच्या आवारातील पाटीवर अटी लिहिलेल्या असतात, चालकाने गाडी लावली म्हणजे त्या अटी मान्य केल्या आणि नंतर त्या मोडल्या, म्हणून करारानुसार ठरलेली रक्कम द्यावी, अशी ही मागणी असते. थोडक्यात, एका खासगी धनकोने पाठवलेले हे मागणीपत्र आहे. त्यात गुन्हा नाही, पोलिसांचा संबंध नाही आणि लायसन्सवर पॉइंट पडत नाहीत. खासगी जागेवर गाडीला क्लॅम्प लावण्यासही 1 ऑक्टोबर 2012 पासून इंग्लंड आणि वेल्समध्ये बंदी आहे.

मात्र या मागणीमागे कायद्याचे बळ नाही, असे समजणे चूक ठरेल. चेम्सफर्डच्या एका रिटेल पार्कमध्ये दोन तास मोफत पार्किंग होते. बॅरी बीव्हिस यांची गाडी तेथे 56 मिनिटे जास्त राहिली आणि त्यांच्याकडे 85 पौंड मागितले गेले. ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि नोव्हेंबर 2015 मध्ये निकाल कंपनी पार्किंगआयच्या बाजूने लागला. पाट्या मोठ्या, ठळक आणि सहज वाचता येतील अशा होत्या, आणि जागा एकाच गाडीने अडवून न ठेवता इतर ग्राहकांनाही मिळावी हा रास्त हेतू रकमेमागे होता, असे न्यायालयाने मानले. त्यामुळे 'कंपनीचे काही नुकसानच झाले नाही, मग इतके पैसे कशाचे?' हा युक्तिवाद आज सहसा चालत नाही. अपिलात तो एकटा लिहून पाठवणाऱ्यांची निराशाच होते.

'पत्राकडे दुर्लक्ष करा' या सल्ल्याचाही उगम समजून घ्यावा. 2012 पूर्वी गाडी कोणी चालवली हे सिद्ध केल्याशिवाय कंपनीला पैसे मागता येत नसत. त्यामुळे त्या काळी गप्प बसण्यात तथ्य होते. त्या वर्षीच्या प्रोटेक्शन ऑफ फ्रीडम्स अॅक्टच्या परिशिष्ट 4 ने हे बदलले. कंपनीने ठरलेल्या मुदतीत, ठरलेल्या मजकुराची नोटीस पाठवली असेल, तर चालक कोण हे न कळताही ती रक्कम गाडीच्या कीपरकडून, म्हणजे डीव्हीएलए या वाहननोंदणी करणाऱ्या सरकारी संस्थेच्या लॉगबुकवर (गाडीच्या नोंदणीपत्रावर) ज्याचे नाव आहे त्याच्याकडून, मागता येते. सल्ला देणारे बहुधा 2012 पूर्वीचा अनुभव सांगत असतात आणि त्यांच्या सद्भावनेबद्दल शंका नसली तरी तो अनुभव आता उपयोगाचा नाही.

पाकीट फेकू नये

पत्र आले की त्यावरील तीन तारखा एका कागदावर उतरवून घ्याव्यात: गाडी लावल्याची तारीख, पत्र लिहिल्याची किंवा टपालात टाकल्याची तारीख आणि ते प्रत्यक्ष हाती पडल्याची तारीख. पाकीटही जपून ठेवावे. या तीन तारखांवर संपूर्ण प्रकरण फिरू शकते.

गाडीच्या काचेवर काहीही लावलेले नव्हते आणि नोटीस कॅमेऱ्याच्या आधारे थेट टपालाने आली असेल, तर पार्किंगच्या दुसऱ्या दिवसापासून मोजून 14 दिवसांच्या आत ती कीपरच्या पत्त्यावर पोहोचली पाहिजे. नुसती पाठवलेली पुरत नाही. टपालात टाकल्यानंतर दुसऱ्या कामकाजाच्या दिवशी ती पोहोचली, असे कायदा गृहीत धरतो. समजा, गाडी 1 मार्च रोजी लावली होती. मुदत 15 मार्च रोजी संपते. पत्रावर 14 मार्च ही तारीख असेल, तर ते वेळेत पोहोचलेले असू शकत नाही आणि कीपरकडे पैसे मागण्याचा कंपनीचा हक्क गेलेला असतो. काचेवर नोटीस लावलेली असेल, तर गणित वेगळे आहे. आधी 28 दिवस जाऊ द्यावे लागतात आणि त्यापुढील 28 दिवसांत कीपरला पत्र पोहोचावे लागते.

इथे एक अत्यंत महत्त्वाची गोष्ट आहे आणि बहुतेक जण नेमके इथेच चुकतात. मुदत हुकल्याने कंपनी फक्त कीपरविरुद्धचा हक्क गमावते. चालकाविरुद्धचा हक्क तसाच राहतो. चालक कोण, हे कंपनीला ठाऊक नसते, आणि ते आपणच पहिल्या पत्रात सांगून टाकतो. 'मी दुकानात गेलो आणि परत यायला उशीर झाला' या एका वाक्याने लिहिणारा चालक ठरतो आणि मुदतीचा सगळा मुद्दा निकामी होतो. म्हणून कंपनीला लिहिताना 'मी' हा शब्द फक्त कीपर या नात्याने वापरावा आणि गाडीबद्दल लिहिताना 'चालकाने गाडी लावली', 'चालक परत आला' अशी रचना ठेवावी. घरात पती-पत्नी दोघेही गाडी चालवत असतील, तर हे स्वाभाविकही आहे.

यात लपवाछपवी नाही. पोलिसांनी वेगमर्यादेच्या प्रकरणात विचारले, तर चालकाचे नाव सांगणे कीपरला बंधनकारक आहे; खासगी कंपनीला ते सांगण्याचे बंधन कायद्याने घातलेले नाही. पण न सांगणे आणि खोटे सांगणे यांत फरक आहे. आपणच गाडी चालवत असताना 'मी चालवत नव्हतो' असे कधीही लिहू नये आणि न्यायाधीशांनी थेट विचारले तर खरे तेच सांगावे.

ऑफिसची किंवा भाड्याची गाडी असेल, तर पत्र आधी त्या कंपनीकडे जाते. बऱ्याच कंपन्या काहीही न विचारता पैसे भरतात आणि वर प्रशासकीय शुल्क लावून पगारातून किंवा कार्डावरून कापून घेतात. म्हणून ज्या दिवशी शंका येईल त्याच दिवशी त्यांना लिहून कळवावे की पैसे भरू नयेत, माझे नाव-पत्ता कळवावा, पुढचे मी पाहीन.

पैसे भरावेत की लढावे?

प्रत्येक नोटिशीशी झगडावे, असे माझे मत नाही. पाटी स्पष्ट होती, दोन तासांची मर्यादा ठाऊक होती, चालक साडेतीन तासांनी परत आला आणि पत्रही वेळेत आले, तर 14 दिवसांत 60 पौंड भरून विषय संपवावा. पैसे भरले की अपिलाचा मार्ग बंद होतो, एवढे लक्षात ठेवावे. 'आधी भरतो, मग परत मागतो' हे जमत नाही.

लढण्यासारखी कारणे मात्र पुष्कळ असतात. खासगी पार्किंग कंपन्यांच्या दोन्ही संघटनांनी मिळून केलेली एकच आचारसंहिता 1 ऑक्टोबर 2024 पासून लागू झाली आहे. तिच्यानुसार पार्किंगची वेळ संपल्यावर निघण्यासाठी किमान 10 मिनिटांची सवलत द्यावी लागते. यंत्रात नंबर टाकताना शून्याऐवजी 'ओ' अक्षर टाकले गेले, किंवा एखादे अक्षर मागेपुढे झाले, तर पैसे भरल्याचे दाखवताच नोटीस रद्द व्हायला हवी. चूक मोठी असेल, उदाहरणार्थ घरातल्या दुसऱ्याच गाडीचा नंबर टाकला गेला असेल, तर मागणी 20 पौंडांवर आणायला हवी. यंत्र बंद असणे, मोबाइल अॅप न चालणे, प्रवेशाशी पाटी नसणे किंवा ती झाडाआड असणे, अंधारात पाटीवर दिवा नसणे, गाडी बंद पडणे, अपंगत्वामुळे जास्त वेळ लागणे ही सर्व मांडण्याजोगी कारणे आहेत. अपंगांसाठीचा निळा बॅज खासगी जागेवर आपोआप चालत नाही. पण 2010 च्या इक्वॅलिटी अॅक्टप्रमाणे अपंग व्यक्तीला योग्य ती सवलत देण्याची जबाबदारी खासगी कंपनीवरही असते आणि तिची पत्रात आवर्जून आठवण करून द्यावी.

कॅमेऱ्याच्या पद्धतीतील एक दोष तर मी स्वतः अनुभवला आहे. दिवाळीच्या आदल्या शनिवारी आमची गाडी सकाळी एका रिटेल पार्कमध्ये बेसन आणि तुपासाठी गेली होती आणि वीस मिनिटांत बाहेर पडली. संध्याकाळी पणत्या कमी पडल्या म्हणून ती पुन्हा तिथे गेली. नऊ दिवसांनी आलेल्या पत्रात गाडी सकाळी 10 वाजून 12 मिनिटांनी आत आली आणि संध्याकाळी 6 वाजून 40 मिनिटांनी बाहेर पडली, एवढेच होते. मधले बाहेर जाणे आणि परत येणे कॅमेऱ्याने टिपलेच नव्हते, बहुधा पुढे-मागे दुसरी गाडी चिकटून असल्यामुळे. साडेआठ तासांचा मुक्काम! माझे सासरे तेव्हा पुण्याहून आलेले होते. ते म्हणाले, 'अहो, साठ पौंड देऊन टाका, परक्या मुलुखात वाद नको.' मी पत्राशेजारी दिवसभराचा हिशेब मांडला. दुपारी 1 वाजून 5 मिनिटांनी बारा मैलांवरच्या पंपावर पेट्रोल भरल्याची पावती होती आणि तिच्यावर पंपाचा क्रमांकही होता. दुपारी आमच्या दारात उभ्या असलेल्या गाडीचा, पुढ्यात रांगोळी काढणाऱ्या मुलीसह, एक फोटो मोबाइलमध्ये वेळेसकट होता. कंपनीने पहिले अपील ठरावीक साच्यातल्या पत्राने फेटाळले. दुसऱ्या टप्प्यावर हेच पुरावे स्वतंत्र मंडळाकडे गेल्यावर कंपनीने स्वतःहून मागणी मागे घेतली. ज्या छायाचित्रांनी घाबरवले होते, त्यांतल्या सकाळच्या फोटोत उजेड होता आणि संध्याकाळच्या फोटोत दिवे लागलेले होते, यापलीकडे त्यांतून काहीच सिद्ध होत नव्हते.

आधी जागेच्या मालकाकडे जावे

अपील करण्यापूर्वी, किंवा त्याबरोबरच, एक सोपा उपाय करून पाहावा. पार्किंग कंपनी ही सहसा जागेची मालक नसते. सुपरमार्केटने, जिमने किंवा रुग्णालयाने तिला नेमलेले असते. त्या दिवशी दुकानात खरेदी केल्याची पावती किंवा बँकेच्या खात्यातील नोंद घेऊन दुकानाच्या मॅनेजरला भेटावे आणि नोटीस रद्द करण्यास सांगावे. फोनवर ग्राहकसेवेशी बोलण्यापेक्षा समोर उभे राहून केलेल्या विनंतीचा उपयोग जास्त होतो. रुग्णालयात अपॉइंटमेंट लांबली असेल, तर वॉर्डमधून किंवा स्वागतकक्षातून तसे दोन ओळींचे पत्र घ्यावे. गणपती किंवा दिवाळीच्या कार्यक्रमासाठी भाड्याने घेतलेल्या हॉलच्या आवारात पाहुण्यांना नोटिसा येतात, कारण आतल्या टॅबलेटवर गाडीचा नंबर टाकायचा असतो आणि ते कोणी सांगितलेले नसते. अशा वेळी आयोजकांनी सर्वांचे नंबर गोळा करून हॉलच्या व्यवस्थापनाला एकच पत्र द्यावे.

आपण राहतो त्याच इमारतीच्या आवारात नोटीस आली असेल, तर आपला लीज किंवा भाडेकरार काढून पार्किंगबद्दल त्यात काय लिहिले आहे ते वाचावे. करारात जागा किंवा सामान उतरवण्याचा हक्क दिलेला असेल, तर नंतर आलेल्या पार्किंग कंपनीच्या पाटीने तो आपोआप काढून घेता येत नाही. ऑक्सफर्डच्या काउंटी कोर्टात 2016 मध्ये अपिलात असाच निकाल रहिवाशाच्या बाजूने लागला होता.

अपील कसे लिहावे

पहिले अपील कंपनीकडेच, तिच्या संकेतस्थळावरून किंवा पत्राने, नोटिशीत दिलेल्या मुदतीत करावे. ती सहसा 28 दिवसांची असते. 14 दिवसांच्या आत अपील केले आणि ते फेटाळले गेले, तर सवलतीची रक्कम पुन्हा देऊ केली जाते का, हे उत्तरात पाहावे. ऑनलाइन फॉर्म भरताना 'आपण कोण?' या प्रश्नाला 'कीपर' हाच पर्याय निवडावा. काही फॉर्म आपल्याला 'चालक' या पर्यायाकडे ढकलतात. तसे झाले, तर फॉर्म सोडून टपालाने लिहावे आणि पोस्टातून पाठवल्याचा मोफत दाखला घ्यावा.

पत्र इंग्रजीत लिहायचे असले, तरी आशय आधी मराठीत पक्का करून घेतल्यास ते आटोपशीर होते. तो साधारण असा असावा: 'मी या गाडीचा कीपर आहे. आपल्या नोटिशीतील मागणी मला मान्य नाही. नोटीस अमुक तारखेला पोहोचली, त्यामुळे 2012 च्या कायद्याच्या परिशिष्ट 4 प्रमाणे कीपर जबाबदार ठरत नाही. शिवाय त्या दिवशी गाडी दोन वेगवेगळ्या वेळी तेथे आली होती, त्याचे पुरावे जोडले आहेत. नोटीस रद्द करावी; अन्यथा स्वतंत्र अपील मंडळाचा तपशील कळवावा.' एवढे पुरे होते. संताप, धमक्या आणि कंपनीच्या धंद्याबद्दलची मते यांना पत्रात जागा देऊ नये. ज्याच्याकडे पुरावा आहे, त्याला विशेषणांची गरज पडत नाही.

कंपनीने नकार दिला, तर पुढचे दार कोणते हे ती कोणत्या संघटनेची सदस्य आहे यावर ठरते. ब्रिटिश पार्किंग असोसिएशनच्या सदस्यांसाठी 'पॉप्ला' हे मंडळ आहे. तेथे नकारपत्रात दिलेला कोड वापरून 28 दिवसांत अपील करायचे असते. इंटरनॅशनल पार्किंग कम्युनिटीच्या सदस्यांसाठी 'आयएएस' आहे आणि तेथे मुदत 21 दिवसांची असते. दोन्ही मोफत आहेत. पॉप्लाचा निकाल कंपनीवर बंधनकारक असतो, आपल्यावर नसतो. म्हणजे हरलो तरी न्यायालयात बाजू मांडण्याचा हक्क शिल्लक राहतो. मात्र 60 पौंडांची सवलत या टप्प्यावर बहुधा संपते. पॉप्लाकडे जाताना कंपनीला दोन गोष्टी सिद्ध करायला सांगाव्यात: जागेच्या मालकाशी तिचा करार त्या तारखेला चालू होता, आणि त्या दिवशी पाट्या नेमक्या कुठे आणि कशा होत्या. शक्य असेल तर स्वतः जाऊन पाट्यांचे फोटो काढावेत, आणि घटना रात्रीची असेल तर रात्रीच काढावेत.

लाल अक्षरांतली पत्रे आणि खरे दाव्याचे पत्र

अपील हरल्यावर किंवा केलेच नसल्यास पत्रांची रीघ लागते. ती कर्जवसुली करणाऱ्या संस्थांकडून येतात आणि 100 चे 170 होतात, कारण आचारसंहितेने 70 पौंडांपर्यंत वसुलीखर्च जोडण्याची मुभा दिली आहे. काही न्यायाधीशांनी ही जादा रक्कम नाकारलेली आहे, आणि परिशिष्ट 4 प्रमाणे कीपरकडून नोटिशीतल्या रकमेपेक्षा जास्त मागता येत नाही, हा मुद्दा हाताशी ठेवावा. वसुली संस्थेचा माणूस म्हणजे बेलिफ, न्यायालयाच्या आदेशाने जप्ती करणारा अधिकारी, नव्हे. त्याला घरात शिरण्याचा किंवा वस्तू नेण्याचा अधिकार नाही, आणि नुसत्या या पत्रांनी क्रेडिट रेकॉर्डवर काही नोंद होत नाही. या पत्रांना उत्तर देण्याची गरज नसते, पण ती उघडून वाचून फाइलला लावावीत, कारण याच गठ्ठ्यात एक दिवस वेगळे पत्र असते.

ते वेगळे पत्र म्हणजे 'लेटर ऑफ क्लेम' किंवा 'लेटर बिफोर क्लेम'. त्यात 30 दिवसांची मुदत आणि उत्तराचा फॉर्म असतो. याला उत्तर द्यावेच लागते. मागणी अमान्य असल्याचे कारणांसह कळवावे, आणि सर्व कागदपत्रे, छायाचित्रे व नोंदी मागवाव्यात. आपल्याबद्दल कंपनीकडे असलेली माहिती मागण्याचा हक्क डेटा संरक्षण कायद्याने दिलेला आहे आणि ती सहसा एका महिन्यात विनामूल्य द्यावी लागते.

त्यानंतर खरा दावा आला, तर तो न्यायालयाच्या शिक्क्यानिशी, बहुधा नॉर्थम्प्टनहून, येतो. दावा दाखल झाल्याच्या तारखेनंतर पाचव्या दिवशी तो बजावला गेला असे मानतात. तेथून 14 दिवसांत दावा मिळाल्याची पोच नोंदवायची. ती नोंदवली, तर बचाव दाखल करण्यासाठी बजावणीपासून एकूण 28 दिवस मिळतात. ऑनलाइन पोच नोंदवताना बचावाच्या चौकटीत घाईने काहीही लिहू नये, कारण लिहिलेले तोच बचाव म्हणून धरले जाऊ शकते. पुढे प्रश्नावली येते, आणि मे 2024 पासून अशा छोट्या दाव्यांत फोनवरून होणारी तासाभराची मोफत मध्यस्थीही बंधनकारक झाली आहे. फोन ठरलेल्या वेळी घ्यावा. तडजोड करणे मात्र बंधनकारक नाही.

प्रकरण सुनावणीपर्यंत गेले, तर ती आपल्या जवळच्या काउंटी कोर्टात होते. हे स्मॉल क्लेम्स, म्हणजे छोट्या दाव्यांचे, कामकाज आहे. इथे वकील लागत नाही, एका टेबलाभोवती बसून बोलणे होते, आणि आपण स्वतः हजर असलो तर घरातील दुसरी व्यक्ती आपल्या वतीने बोलू शकते, जे इंग्रजी बोलताना अडखळणाऱ्यांसाठी मोठाच आधार आहे. हरल्यास किती जाईल, याचाही अंदाज घेऊन ठेवावा: 300 पौंडांपर्यंतच्या दाव्यात मूळ रकमेवर 35 पौंड दाव्याचे, 27 पौंड सुनावणीचे आणि सहसा 50 पौंड वकिलाचे ठरावीक शुल्क धरून, थोडे व्याज. हजारो पौंडांचा खर्च बोकांडी बसेल ही भीती, वागणूक अगदीच अवाजवी नसेल, तर अनाठायी आहे. निकाल विरुद्ध गेला आणि पूर्ण रक्कम एका महिन्यात भरली, तर नोंदवहीतून निकाल काढून टाकला जातो. न भरल्यास ती सीसीजेची, म्हणजे काउंटी कोर्टाच्या निकालाची, नोंद सहा वर्षे राहते. तिच्यामुळे गृहकर्ज अडते, घर भाड्याने मिळणे कठीण होते, आणि ब्रिटिश नागरिकत्वाच्या अर्जात दिवाणी निकालांबद्दल विचारले जाते, हे आपल्यापैकी अनेकांच्या दृष्टीने महत्त्वाचे आहे. मध्येच शंका आल्यास सिटिझन्स अॅडव्हाइसच्या कार्यालयात कागदपत्रे दाखवून मोफत मार्गदर्शन घेता येते.

काही वेगळी प्रकरणे

आई-वडिलांना हीथ्रोवर सोडायला जाणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. टर्मिनलसमोर गाडी थांबवण्याचे शुल्क तेथे नोव्हेंबर 2021 पासून आहे, पण अडसर नाही आणि यंत्रही नाही. पैसे ऑनलाइन किंवा फोनवरून, दुसऱ्या दिवशी मध्यरात्रीपर्यंत भरायचे असतात. निरोपाच्या गडबडीत ते राहून जाते आणि आठवड्याने पत्र येते. विमानतळ आणि रेल्वे स्थानकांच्या ज्या जागांना उपविधी (बायलॉज, म्हणजे त्या जागेचे स्वतःचे कायदेशीर नियम) लागू आहेत, तिथे परिशिष्ट 4 चालत नाही आणि नुसत्या कीपरकडे त्या कायद्याखाली मागणी करता येत नाही. तिथल्या अपिलात हा मुद्दा अवश्य लिहावा.

स्कॉटलंडमध्ये परिशिष्ट 4 लागूच नाही. ग्लासगो किंवा एडिनबरोच्या खासगी जागेवरील मागणी केवळ चालकाविरुद्ध टिकते, त्यामुळे चालकाचे नाव न कळवण्याला तिथे आणखी वजन येते.

मोबाइलवर मजकूर आला की 'पार्किंगचा दंड थकला आहे, या दुव्यावर भरा', तर तो उघडू नये. डीव्हीएलएकडून कंपनीला प्रत्येक चौकशीमागे अडीच पौंडांत कीपरचे नाव आणि पत्ता मिळतो. मोबाइल क्रमांक मिळत नाही.

कंपनी, न्यायालय आणि वसुली संस्था या सर्वांची पत्रे मुळात लॉगबुकवरील त्या एकाच पत्त्यावर विसंबून निघतात. आपल्यातले कितीतरी जण नोकरीसाठी स्लाउवरून रेडिंगला, रेडिंगवरून मिल्टन कीन्सला घरे बदलत असतात. जुन्या पत्त्यावर नोटीस जाते, मग दावा जातो, उत्तर न गेल्याने एकतर्फी निकाल लागतो, आणि ते कळते तेव्हा निकाल रद्द करून घेण्याच्या अर्जालाच सुमारे 300 पौंड शुल्क पडते. लॉगबुकवरचा पत्ता न बदलल्यास 1000 पौंडांपर्यंत दंडही होऊ शकतो. तो पत्ता डीव्हीएलएच्या संकेतस्थळावर विनामूल्य बदलता येतो. लायसन्सवरचा पत्ता बदलला म्हणजे लॉगबुकवरचा बदलला असे होत नाही. दोन्ही वेगवेगळे बदलावे लागतात.